प्रलंबित जमीन-नोंदी आणि न्यायालयाचा परमादेश

'सरकारी काम अन् सहा महिने थांब' ही म्हण महाराष्ट्रात पिढ्यान्‌पिढ्या ऐकू येत आहे. 'शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये' ही दुसरी म्हणही तितकीच जुनी आहे. या दोन म्हणींच्या कात्रीत जो माणूस सापडतो, तो म्हणजे जमिनीच्या दप्तरात आपले नाव लागावे म्हणून अर्ज केलेला आणि त्या अर्जावर होकार वा नकार यांपैकी काहीच पदरात न पडलेला नागरिक. नकार मिळाला असता तर त्याला अपील करता आले असते. होकार मिळाला असता तर त्याचे पुढचे व्यवहार सुरू झाले असते. परंतु निर्णयच झालेला नसल्यामुळे त्याला पुढेही जाता येत नाही आणि मागेही फिरता येत नाही. अशा वेळी तो उच्च न्यायालयाकडे धाव घेतो आणि न्यायालय संबंधित अधिकाऱ्यास ठराविक मुदतीत अर्ज निकालात काढण्याचा आदेश देते.

असे आदेश म्हणजे नेमके काय, ते कोणत्या आधारावर दिले जातात, त्यांतून अर्जदारास काय मिळते आणि काय मिळत नाही, तसेच असा आदेश येण्याची वेळच येऊ नये म्हणून कार्यालयांनी काय करावे, याचा विचार प्रस्तुत लेखात मुंबई उपनगर जिल्ह्याच्या संदर्भात केला आहे. उपनगरातील जमिनीचे मोल आणि तेथील नोंदींची गुंतागुंत यांमुळे हा प्रश्न तेथे ठळकपणे दिसतो. तथापि राज्यातील कोणत्याही गावच्या चावडीवर तो याच स्वरूपात उभा राहतो.

समजा, मुलुंडमध्ये चाळीस वर्षांपूर्वी बांधलेली एक इमारत आहे. सदनिकाधारकांची सहकारी गृहनिर्माण संस्था स्थापन झाली, परंतु विकासकाने जमिनीचे अभिहस्तांतरण करून दिले नाही. महाराष्ट्र मालकी हक्काच्या सदनिकांबाबतच्या १९६३ च्या अधिनियमातील कलम ११ अन्वये संस्थेने सक्षम प्राधिकाऱ्याकडून मानीव अभिहस्तांतरणाचे प्रमाणपत्र मिळविले. दस्त नोंदविला. आता उरले एकच काम, ते म्हणजे मिळकत पत्रिकेवर संस्थेचे नाव लावणे. त्यासाठी नगर भूमापन कार्यालयात अर्ज दिला गेला आणि तो तेथेच राहिला. इमारतीच्या छताला गळती आहे, खांबांना तडे गेले आहेत, पुनर्विकास करावयाचा तर मिळकत पत्रिका हवी. अशा प्रकरणात एका नोंदीचा विलंब हा केवळ कागदाचा विलंब राहत नाही. त्या छताखाली राहणाऱ्या कुटुंबांच्या सुरक्षिततेशी तो जाऊन भिडतो.

अंधेरीतील भूखंडाचे प्रकरण

अधिकाऱ्यास निर्णय घेण्यास भाग पाडणाऱ्या आदेशांचा विचार करताना स्वातंत्र्योत्तर काळातील ज्या निवाड्यांकडे आजही बोट दाखविले जाते, त्यांतील एक योगायोगाने उपनगरातीलच आहे. पोलीस आयुक्त, मुंबई विरुद्ध गोरधनदास भानजी या नावाने तो विधिवर्तुळात ओळखला जातो.

अंधेरी येथील एका भूखंडावर चित्रपटगृह बांधण्याची परवानगी मिळावी म्हणून १९४५ साली तत्कालीन मुंबई उपनगर जिल्ह्याच्या जिल्हा दंडाधिकाऱ्यांकडे अर्ज करण्यात आला होता. त्याच वर्षी अंधेरी बृहन्मुंबईत समाविष्ट झाली आणि परवानगी देण्याचा अधिकार मुंबईच्या पोलीस आयुक्तांकडे गेला. आरंभी नकार मिळाला. पुढे जुलै १९४७ मध्ये आयुक्तांनी परवानगी दिली. मात्र सप्टेंबर १९४७ मध्ये, शासनाच्या निदेशानुसार ती परवानगी रद्द करण्यात येत आहे, अशा आशयाचे पत्र अर्जदारास पाठविण्यात आले. प्रकरण उच्च न्यायालयात गेले आणि तेथून सर्वोच्च न्यायालयात पोहोचले. २३ नोव्हेंबर १९५१ रोजी न्या. व्हिव्हियन बोस यांनी दिलेल्या निवाड्यात तीन गोष्टी स्पष्ट झाल्या.

पहिली गोष्ट अशी की, परवानगी रद्द करण्याचा अधिकार नियमांनी आयुक्तांना दिलेला होता. त्यांनी तो स्वतः वापरला नाही, दुसऱ्या प्राधिकाऱ्याचा निर्णय केवळ पुढे कळविला. म्हणून कायद्याच्या दृष्टीने तेथे निर्णयच झाला नव्हता. दुसरी गोष्ट, सार्वजनिक अधिकाराने काढलेल्या आदेशाचा अर्थ त्या आदेशातील शब्दांवरूनच लावावा लागतो. आपल्या मनात त्या वेळी काय होते, हे अधिकाऱ्याने मागाहून सांगून आदेशाला निराळा अर्थ देता येत नाही. तिसरी गोष्ट प्रस्तुत विषयाच्या दृष्टीने सर्वांत महत्त्वाची आहे. सर्वोच्च न्यायालयाने परवानगी चालू ठेवा असेही सांगितले नाही आणि रद्द करा असेही सांगितले नाही. सर्व बाजूंचा विचार करून, कोणाच्याही दबावाखाली न येता आयुक्तांनी स्वतःच्या बुद्धीने निश्चित व निःसंदिग्ध असा आदेश काढावा, मग तो कोणत्याही बाजूचा असो, असे न्यायालयाने फर्माविले.

प्रलंबित अर्जांबाबत उच्च न्यायालये आज जे आदेश देतात, त्यांचे मर्म याच निवाड्यात आहे. निर्णयाचा अधिकार ज्याचा, त्यानेच तो वापरला पाहिजे आणि वापरलाच पाहिजे.

परमादेश म्हणजे काय?

संविधानाच्या अनुच्छेद २२६ अन्वये उच्च न्यायालयांना जे विशेष आदेश काढण्याचा अधिकार आहे, त्यांपैकी परमादेश हा एक होय. सार्वजनिक कर्तव्य ज्याच्यावर कायद्याने सोपविले आहे, त्याने ते पार पाडावे अशी आज्ञा म्हणजे परमादेश. तो मिळण्यासाठी सामान्यतः काही अटी पूर्ण व्हाव्या लागतात. संबंधित अधिकाऱ्यावर कायद्याने टाकलेले कर्तव्य असले पाहिजे. ते पार पाडले जावे अशी मागणी करण्याचा हक्क अर्जदारास असला पाहिजे. अर्जदाराने तशी स्पष्ट मागणी केलेली असली पाहिजे आणि ती नाकारली गेलेली असली पाहिजे. दीर्घकाळ मौन बाळगणे हाही व्यवहारात नकारच समजला जातो. शिवाय, कायद्याने दुसरा परिणामकारक उपाय उपलब्ध करून दिला असेल तर न्यायालय साधारणपणे आधी तो उपाय अवलंबिण्यास सांगते.

येथे एक गैरसमज दूर केला पाहिजे. ज्या बाबी अधिकाऱ्याच्या स्वेच्छाधिकारात येतात, त्यांत न्यायालय हात घालू शकत नाही, असे पुष्कळदा मानले जाते. निर्णय कसा घ्यावा हा स्वेच्छाधिकाराचा भाग असू शकतो, पण निर्णय घ्यावा की नाही हा नसतो. अर्ज कायद्यानुसार दाखल झाला की त्याचा विचार करणे हे कर्तव्य ठरते. नियंत्रक व महालेखापरीक्षक विरुद्ध के. एस. जगन्नाथन या १९८६ च्या निवाड्यात सर्वोच्च न्यायालयाने हे तत्त्व पुढे नेले. स्वेच्छाधिकार वापरलाच गेला नसेल, अथवा तो दुर्हेतूने वा गैरलागू बाबींच्या आधारे वापरला गेला असेल, तर तो योग्य रीतीने वापरला जावा म्हणून उच्च न्यायालय परमादेश काढू शकते, असे त्यात सांगण्यात आले.

उपनगरातील नोंदींची गुंतागुंत

मुंबई उपनगर जिल्ह्यातील अर्ज का रेंगाळतात हे समजण्यासाठी या भागाच्या प्रशासकीय इतिहासावर एक दृष्टिक्षेप टाकणे उपयुक्त ठरेल. साष्टी बेटाचा हा प्रदेश मूळचा ठाणे जिल्ह्यातील. त्याचा दक्षिणेकडील भाग वेगळा काढून १९२० साली मुंबई उपनगर जिल्हा निर्माण करण्यात आला. पुढे १९५० व १९५७ साली महानगरपालिकेची हद्द टप्प्याटप्प्याने उत्तरेस मुलुंड व दहिसरपर्यंत वाढविण्यात आली. १ ऑक्टोबर १९९० रोजी बृहन्मुंबईचे विभाजन होऊन सध्याचा मुंबई उपनगर जिल्हा अस्तित्वात आला. त्याचे मुख्यालय वांद्रे पूर्व येथे असून अंधेरी, बोरिवली व कुर्ला असे तीन तालुके आहेत. घाटकोपर आणि मुलुंड हे कुर्ला तालुक्यात मोडतात.

याचा अर्थ असा की, मुलुंडच्या एखाद्या भूखंडाचा शंभर वर्षांचा इतिहास पाहावयाचा झाल्यास एकापेक्षा अधिक जिल्ह्यांची दप्तरे चाळावी लागतात. त्यात साष्टीतील खोतीच्या जुन्या जमिनींचा प्रश्न मिसळतो. मोठमोठ्या इनामी व पट्ट्याच्या मालमत्तांना असलेली जमीन महसुलाची सूट साष्टी इस्टेट्स अधिनियम, १९५१ अन्वये काढून घेण्यात आली. त्यानंतर कोणती जमीन शासनाकडे आली आणि कोणती धारकाकडे राहिली, यासंबंधीचे वाद पुढे अनेक वर्षे चालू राहिले.

दुसरी गुंतागुंत नोंदीच्या प्रकाराची आहे. शेतजमिनीसाठी गाव नमुना सात-बारा असतो. नागरी भागाचे नगर भूमापन झाल्यावर प्रत्येक मिळकतीला नगर भूमापन क्रमांक मिळतो आणि तिची मिळकत पत्रिका उघडली जाते. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ मधील कलम १२६ हा या भूमापनाचा आधार असून त्यासाठी १९६९ चे नियम आहेत. मिळकत पत्रिका उघडल्यावर त्या क्षेत्राचा सात-बारा बंद होणे अपेक्षित असते. तसे न झाल्यास एकाच जमिनीच्या दोन नोंदी चालू राहतात, दोहोंवरील क्षेत्र जुळत नाही आणि नावेही निरनिराळी दिसतात. सात-बाराचे काम महसूल विभागाकडे, तर मिळकत पत्रिकेचे काम भूमि अभिलेख विभागाकडे. अर्जदार एका कार्यालयातून दुसऱ्या कार्यालयाकडे पाठविला जातो, तो बहुधा या फटीतून.

तिसरा प्रश्न गावठाणांचा व कोळीवाड्यांचा आहे. वर्सोवे, मरोळ, गोराई, मनोरी यांसारख्या जुन्या वस्त्यांमध्ये घरे पिढ्यान्‌पिढ्या एकाच कुटुंबाकडे असली, तरी वारसांची नोंद वेळोवेळी झालेली नसते. पणजोबांचे नाव पत्रिकेवर आणि ताबा पणतवंडांकडे, अशी स्थिती आढळते. मधल्या तीन पिढ्यांचे वारस शोधून त्यांना नोटिसा बजावणे हे काम खरोखरच सोपे नाही, हे मान्य केले पाहिजे.

कायद्याने आखून दिलेला काळ

अर्ज कधी निकालात निघावा याविषयी कायदा मौन बाळगतो असे नाही. संहितेच्या कलम १४९ प्रमाणे वारसा, वाटणी, खरेदी, गहाण, बक्षीस, पट्टा अशा कोणत्याही मार्गाने जमिनीत हक्क संपादन करणाऱ्याने तीन महिन्यांच्या आत तलाठ्यास कळवावयाचे असते, आणि तलाठ्याने त्याची लेखी पोच ताबडतोब द्यावयाची असते. ही पोच म्हणजे अर्जदाराच्या हातातील पहिला पुरावा होय. कलम १५० अन्वये फेरफार नोंदवहीत, म्हणजे गाव नमुना सहामध्ये, नोंद घेतली जाते. तिची प्रत चावडीत लावली जाते व हितसंबंधितांना नोटीस दिली जाते. हरकत आल्यास ती विवादग्रस्त प्रकरणांच्या नोंदवहीत, म्हणजे गाव नमुना सहा-अ मध्ये, घेतली जाते. अशी प्रकरणे अव्वल कारकुनाहून कमी दर्जा नसलेल्या अधिकाऱ्याने शक्यतो एक वर्षाच्या आत निकालात काढावयाची असतात. नगर भूमापनाच्या नोंदींमध्येही नोटीस, हरकत, सुनावणी आणि आदेश हाच क्रम पाळावयाचा असतो.

लेखनप्रमादाची दुरुस्ती करण्याचा अधिकार कलम १५५ मध्ये आहे. नाव लिहिताना झालेली चूक, क्षेत्राचा आकडा उतरवून घेताना झालेली चूक किंवा हितसंबंधितांनी मान्य केलेली चूक या कलमाखाली दुरुस्त होऊ शकते. मात्र मालकीचा वाद या कलमाच्या आडून सोडविता येत नाही. हा भेद लक्षात न घेता केलेले अर्ज वर्षानुवर्षे पडून राहतात. मागणी कलम १५५ मध्ये बसत नाही, हे अर्जदारास लेखी कळविण्याऐवजी नस्ती बाजूला ठेवली जाते. वस्तुतः असे कळविणे हाही एक निर्णयच असतो आणि त्याविरुद्ध त्याला दाद मागता येते.

कार्यालयीन विलंबासंबंधी महाराष्ट्राने २००५ साली स्वतंत्र अधिनियम केला. शासकीय कर्मचाऱ्यांच्या बदल्यांचे विनियमन आणि शासकीय कर्तव्ये पार पाडताना होणाऱ्या विलंबास प्रतिबंध करणाऱ्या या अधिनियमाच्या कलम १० नुसार सर्वसाधारणपणे कोणतीही नस्ती एका कर्मचाऱ्याकडे सात कामकाजाच्या दिवसांपेक्षा अधिक काळ राहू नये. दुसऱ्या विभागाकडे पाठविण्याची गरज नसलेल्या प्रकरणी ४५ दिवसांत, आणि तशी गरज असलेल्या प्रकरणी तीन महिन्यांत निर्णय व्हावा. हेतुपुरस्सर विलंब केल्यास शिस्तभंगाच्या कारवाईची तरतूद आहे. तथापि न्यायप्रविष्ट व अर्धन्यायिक प्रकरणे या कालमर्यादेतून वगळलेली आहेत, हेही ध्यानात ठेवावे. हरकत आलेला फेरफार हे अर्धन्यायिक प्रकरण असल्याने तेथे सात दिवसांचा दाखला देऊन उपयोग नाही. तेथे संहितेतील एक वर्षाची मर्यादा लागू पडते.

यानंतर २०१५ साली महाराष्ट्र लोकसेवा हक्क अधिनियम आला. ज्या सेवा अधिसूचित केल्या आहेत, त्या ठरलेल्या मुदतीत मिळणे हा नागरिकाचा हक्क ठरला. मुदत टळल्यास विभागांतर्गत प्रथम व द्वितीय अपील आणि शेवटी राज्य सेवा हक्क आयोगाकडे तिसरे अपील करता येते. कसूर करणाऱ्या पदनिर्देशित अधिकाऱ्यास ५०० ते ५,००० रुपयांपर्यंत शास्ती होऊ शकते. अर्जाची सद्यःस्थिती जाणून घेण्यासाठी माहितीचा अधिकार अधिनियम, २००५ चा उपयोग होतो. त्यात माहिती देण्यास सामान्यतः ३० दिवसांची मुदत आहे.

न्यायालय काय सांगते आणि काय सांगत नाही

प्रलंबित अर्जाबाबतच्या याचिकेत उच्च न्यायालयाचा आदेश बहुधा संक्षिप्त असतो. अमुक दिनांकाच्या अर्जावर संबंधित अधिकाऱ्याने सर्व हितसंबंधितांना सुनावणीची संधी देऊन, कायद्यानुसार व गुणावगुणांवर, ठराविक आठवड्यांच्या आत निर्णय द्यावा आणि तो अर्जदारास कळवावा, असे त्याचे स्वरूप असते. उभय पक्षांचे सर्व मुद्दे खुले ठेवण्यात येत आहेत, असेही त्यात नमूद केलेले असते.

या शेवटच्या वाक्याकडे अर्जदार आणि अधिकारी या दोघांचेही दुर्लक्ष होते. अर्जदारास वाटते की आपण खटला जिंकलो, आता नाव लागलेच पाहिजे. अधिकाऱ्यास वाटते की न्यायालयाचा आदेश आहे, तेव्हा मागितले ते देऊन मोकळे व्हावे. दोन्ही समज चुकीचे आहेत. न्यायालयाने निर्णय घेण्यास सांगितलेले असते, अर्ज मंजूर करण्यास सांगितलेले नसते. अर्जात तथ्य नसेल तर सकारण नकार देणे हेही आदेशाचे पूर्ण पालन होय.

सर्वोच्च न्यायालयाने या बाबतीत सावधगिरीचे दोन इशारे दिले आहेत. आंध्र प्रदेश राज्य मार्ग परिवहन महामंडळ विरुद्ध जी. श्रीनिवास रेड्डी या २००६ च्या निवाड्यात 'विचार करावा' या शब्दांची चिकित्सा करण्यात आली. कोणत्या मुद्द्यावर व कोणत्या मर्यादेत विचार करावयाचा हे स्पष्ट न करता नुसतेच 'विचार करा' असे सांगितले, तर प्रश्न न सुटता तो पुन्हा पुन्हा न्यायालयात येत राहतो, हे त्यात दाखवून दिले आहे. सी. जेकब विरुद्ध भूविज्ञान व खनिकर्म संचालक या २००८ च्या निवाड्यातील प्रकरण सेवाविषयक होते. सेवा संपल्यावर कित्येक वर्षांनी केलेल्या निवेदनावर विचार करण्याचा आदेश मिळाला, खात्याने नकार कळविला, आणि त्या नकारापासून जणू नवा हक्क निर्माण झाला असे मानून पुढची याचिका दाखल झाली. जुन्या व मुदतबाह्य दाव्यात अशा मार्गाने नव्याने प्राण फुंकता येत नाही, असे न्यायालयाने स्पष्ट केले. जमिनीच्या प्रकरणीही हा इशारा महत्त्वाचा आहे. तीस-चाळीस वर्षांपूर्वी प्रमाणित झालेला फेरफार एका साध्या अर्जाने उलटवू पाहणाऱ्यास परमादेशाचा आधार मिळेलच असे नाही.

आणखी एक मर्यादा आहे. फेरफाराची नोंद ही मालकी हक्क निर्माण करीत नाही आणि नष्टही करीत नाही. संहितेच्या कलम १५७ नुसार अधिकार अभिलेखातील नोंद, उलट सिद्ध होईपर्यंत, खरी मानली जाते. परंतु ती मुख्यतः महसूल प्रशासनासाठी आहे, हे सर्वोच्च न्यायालयाने बलवंतसिंग विरुद्ध दौलतसिंग या १९९७ च्या निवाड्यासह अनेकदा सांगितले आहे. हक्काचाच वाद असेल तर तो दिवाणी न्यायालयात सोडवावा लागतो.

मुलुंड परिसरातील अर्धवट राहिलेली नोटीस

अनिर्णयाची किंमत किती मोठी असू शकते, याचे उदाहरण पूर्व उपनगरांतच मिळते. भारतीय वन अधिनियमाच्या कलम ३५(३) अन्वये १९५० च्या दशकात येथील अनेक जमिनींबाबत नोटिसा काढण्यात आल्या होत्या. अशी नोटीस म्हणजे अंतिम आदेश नव्हे. जमीनधारकाचे म्हणणे मागवावे, ते ऐकावे आणि मग अधिसूचना काढावी किंवा नोटीस मागे घ्यावी, असा पुढचा क्रम कायद्यात आहे. अनेक प्रकरणी ही पुढची पावले पडलीच नाहीत. नोटिसा तशाच राहिल्या.

त्यानंतर महाराष्ट्र खाजगी वने (संपादन) अधिनियम, १९७५ अंमलात आला. ज्या जमिनींबाबत अशी नोटीस काढली आहे, त्यांचाही समावेश त्यातील खाजगी वनाच्या व्याख्येत होता. मधल्या काळात महानगरपालिकेने नकाशे मंजूर केले, इमारती उभ्या राहिल्या, कुटुंबे राहावयास आली. आणि २००६ च्या सुमारास जुन्या नोटिसांच्या आधारे या जमिनींवर खाजगी वन म्हणून हक्क सांगण्यात आला. मुलुंड, नाहूर, विक्रोळी या भागांतील हजारो सदनिकाधारकांपुढे आपले घर वनजमिनीवर आहे की काय, असा प्रश्न उभा राहिला. मार्च २००८ मध्ये उच्च न्यायालयाने शासनाची बाजू ग्राह्य धरली. ३० जानेवारी २०१४ रोजी गोदरेज अँड बॉइस विरुद्ध महाराष्ट्र राज्य या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने तो निर्णय फिरविला. नोटीस केवळ काढली एवढ्यावरून जमीन शासनाकडे निहित होत नाही, ती धारकावर बजावली गेली पाहिजे आणि तिचा पाठपुरावा झाला पाहिजे. काही दशके तशीच पडून राहिलेली नोटीस त्यासाठी पुरेशी नाही, असे न्यायालयाने ठरविले.

संजय गांधी राष्ट्रीय उद्यानालगतच्या या भागात वनांचे रक्षण झालेच पाहिजे, याविषयी दुमत नाही. किंबहुना म्हणूनच या प्रकरणातील धडा मोलाचा आहे. त्या नोटिसांवर त्याच काळात सुनावणी होऊन निर्णय झाला असता, तर जी जमीन वन म्हणून राखावयाची ती वेळीच राखली गेली असती आणि जी सोडावयाची ती निर्वेधपणे सोडता आली असती. निर्णय न झाल्याने वनालाही लाभ झाला नाही आणि घरांनाही स्वस्थता मिळाली नाही.

कार्यालयांनी काय करावे?

परमादेशाची वेळ टाळणे बहुतांशी कार्यालयाच्या हाती आहे. अर्ज येताच पोच द्यावी. त्रुटी असल्यास त्या सर्व एकाच पत्राने कळवाव्यात, दर महिन्यास एक नवी त्रुटी काढू नये. प्रकरण आपल्या अधिकारकक्षेत येत नसेल तर ते योग्य कार्यालयाकडे पाठवून अर्जदारास तसे लेखी कळवावे. सुनावणीची तारीख नोंदवहीत लिहावी आणि ती ज्या कारणाने पुढे ढकलली ते कारणही लिहावे. आदेश थोडक्यात असला तरी सकारण असावा. निर्णयाची कारणे देणे हा न्याय्य कार्यपद्धतीचा भाग आहे, असे एस. एन. मुखर्जी विरुद्ध भारत संघ या १९९० च्या निवाड्यात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलेले आहे. कारणे लिहिलेला नकार अर्जदारास कटू वाटला, तरी पुढे कोठे जावे हे त्याला त्यातून कळते.

न्यायालयाचा आदेश आलाच, तर मुदत कधी संपते ते प्रथम नस्तीच्या वरच्या बाजूस लिहावे. अभिलेख मिळत नाही अथवा मोजणी बाकी आहे अशी खरी अडचण असल्यास, मुदत संपण्यापूर्वी न्यायालयाकडे मुदतवाढ मागावी. मुदत उलटून गेल्यावर दिलेली सबब दुबळी ठरते. न्यायालय अवमान अधिनियम, १९७१ अन्वये हेतुपुरस्सर आज्ञाभंग हा दिवाणी अवमान होय. त्यासाठी सहा महिन्यांपर्यंत साधा कारावास, दोन हजार रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही होऊ शकतात. बदली झालेल्या अधिकाऱ्याने कार्यभार सोपविताना असे आदेश यादीत स्वतंत्रपणे दाखवावेत, म्हणजे नव्या अधिकाऱ्यावर नकळत दोष येणार नाही.

अर्जदारांनी काय करावे?

ग्रामपंचायत सदस्य आणि शिक्षक यांच्याकडे लोक विश्वासाने सल्ला विचारतात, म्हणून हे थोडे विस्ताराने सांगणे योग्य होईल. अर्ज कोणत्या कलमाखाली आहे हे त्यात स्पष्ट लिहावे. दस्ताची प्रत, वारसांची संपूर्ण यादी आणि सर्व हितसंबंधितांचे पत्ते जोडावेत. एखाद्या बहिणीचे वा पुतण्याचे नाव गाळलेला अर्ज हमखास अडतो, आणि तो अडणे योग्यच असते. पोच जपून ठेवावी. मुदत टळल्यावर स्मरणपत्र द्यावे, सेवा अधिसूचित असल्यास अपिलाचा मार्ग धरावा आणि एवढे करूनही उत्तर न मिळाल्यास मगच उच्च न्यायालयाचा विचार करावा. आधीचा पत्रव्यवहार व्यवस्थित असेल तर तेथे काम सोपे होते.

निर्णय प्रतिकूल लागल्यास अपिलाची मुदत सांभाळावी. संहितेच्या कलम २५० प्रमाणे जिल्हाधिकारी किंवा भूमि अभिलेख अधीक्षक यांच्याहून कनिष्ठ अधिकाऱ्याच्या आदेशाविरुद्ध ६० दिवस आणि अन्य बाबतीत ९० दिवस अशी ही मुदत आहे.

भूमि-अभिलेखांच्या संगणकीकरणामुळे आज बऱ्याच गोष्टी सुकर झाल्या आहेत. डिजिटल स्वाक्षरीचा सात-बारा २०१८ पासून घरबसल्या मिळू लागला, फेरफाराची अवस्था संगणकावर पाहता येऊ लागली. तरीही हरकत ऐकणे, पुरावा तपासणे आणि कोणाचे म्हणणे खरे ते ठरविणे हे काम यंत्र करीत नाही. ते अधिकाऱ्यालाच करावे लागते.

अंधेरीच्या भूखंडाच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९५१ साली जे मागितले, तेवढेच आज मुलुंडची गृहनिर्माण संस्था, बोरिवलीचा वारस आणि घाटकोपरचा भूखंडधारक मागत आहे. त्याच्या अर्जावर अधिकार असलेल्या व्यक्तीने स्वतः विचार करावा आणि स्पष्ट शब्दांत, सही-शिक्क्यानिशी, वेळेत उत्तर द्यावे. हे उत्तर चावडीवर व नगर भूमापन कार्यालयातच मिळू लागले, तर कोर्टाची पायरी चढण्याची वेळ त्याच्यावर क्वचितच येईल.